फासबिंडर गेल्यावर त्याच्या कॅमेरामनने काय केलं? क्साव्हर श्वार्त्सेनबेर्गरची केस

१० जून १९८२ ला म्युनिकमध्ये जर्मन दिग्दर्शक राइनर वेर्नर फासबिंडर गेला. वय ३७. त्याच्या शेवटच्या चारही फीचर फिल्म्स आणि त्याआधीची 'बर्लिन अलेक्झांडरप्लात्झ' ही पंधरा तासांची टीव्ही सिरीज ज्याने शूट केली तो व्हिएन्नाचा क्साव्हर श्वार्त्सेनबेर्गर तेव्हा ३६ वर्षांचा होता, म्हणजे कॅमेरामनच्या हिशोबात ऐन उमेदीत. पुढच्या तीन वर्षांत या माणसाने काय केलं बघा. १९८३ ला स्वतः दिग्दर्शित केलेली एक ब्लॅक अँड व्हाइट, थंड, फार न बोलणारी फिल्म घेऊन बर्लिन फेस्टिव्हलला गेला आणि सिल्व्हर बेअर घेऊन आला. आणि १९८५ ला ओट्टो वाल्केस नावाच्या कॉमेडियनबरोबर अशी धमाल फिल्म केली की नुसत्या पश्चिम जर्मनीत जवळपास ८८ लाख तिकिटं खपली, तेही देशाची लोकसंख्या सहा कोटींच्या आसपास असताना.

या दोन फिल्म्स एकाच माणसाच्या आहेत हे पहिल्यांदा कळलं की पटत नाही. म्हणून मग सिनेमावाल्या मंडळींत याच्याबद्दल सरसकट एक मत असतं, की फासबिंडर होता तोवर ठीक होता, नंतर वाहवत गेला, कॉमेडी काय आणि टीव्हीवरच्या डोंगरातल्या स्टोऱ्या काय. मला हे मत आळशी वाटतं. पण उलटं मत, की तो मुळातच ग्रेट दिग्दर्शक होता आणि लोकांनी ओळखलं नाही, तेही मला झेपत नाही. माझ्या मते या केसमध्ये बघायची गोष्ट वेगळीच आहे: त्याने दिग्दर्शनाची खुर्ची घेतली पण कॅमेरा सोडला नाही, दोन्ही कामं स्वतःकडेच ठेवली, आणि त्याचा फायदा आणि तोटा दोन्ही पडद्यावर दिसतात.

जरा मागे जाऊ. श्वार्त्सेनबेर्गर जन्मला १९४६ ला व्हिएन्नात, युद्ध संपून वर्ष झालेलं. त्याचं सुरुवातीचं नाव झालं ते ऑस्ट्रियन टीव्हीमुळे, म्हणजे ओआरएफमुळे. 'आल्पेनसागा' नावाची सहा भागांची मालिका होती, १९७६ ते १९८० मध्ये आलेली, दिग्दर्शक डीटर बेर्नर, लेखक पेटर टुरीनी आणि विल्हेल्म पेव्हनी. एका गावातल्या शेतकऱ्यांची गोष्ट, विसावं शतक सुरू होतं तिथपासून दुसरं महायुद्ध संपेपर्यंत. डोंगर, गायी, चर्च सगळं आहे पण पोस्टकार्ड नाही, जमीन कोणाची आणि कर्ज कोणाचं याच्यावर भर आहे, त्यामुळे तिकडे शेतकरी संघटनावाल्यांनी बराच आरडाओरडा केला होता. कॅमेरा श्वार्त्सेनबेर्गरचा. हे लक्षात ठेवा, कारण वीस वर्षांनी तो परत डोंगरात जातो तेव्हा लोक म्हणतात की हा तिकडे घसरला, पण तो निघालाच होता तिथून.

इकडे फासबिंडरची वेगळी भानगड चालू होती. त्याच्या पंधरा-सोळा फिल्म्स मिखाएल बालहाउसने शूट केल्या होत्या, 'मारिया ब्राउन' ही दोघांची शेवटची. मग फासबिंडरने दोन फिल्म्सचा कॅमेरा स्वतःच केला. आणि मग आली 'बर्लिन अलेक्झांडरप्लात्झ', आल्फ्रेड ड्योब्लिनच्या १९२९ च्या कादंबरीवरची, तेरा भाग आणि वर एक उपसंहार, साधारण एक कोटी तीस लाख मार्कचं बजेट, शूटिंग जून १९७९ ते एप्रिल १९८०. एवढं मोठं काम स्वतः कॅमेरा धरून होणार नव्हतं, आणि आला श्वार्त्सेनबेर्गर, तोपर्यंत फासबिंडरबरोबर एकही फिल्म न केलेला.

आता हे काम कसं होतं ते जरा नीट सांगतो कारण पुढचं सगळं इथून निघतं. सिरीज टीव्हीसाठी होती म्हणून १६ एमएमवर शूट झाली. १६ एमएम म्हणजे निगेटिव्ह लहान, अंधारात ग्रेन म्हणजे दाणेदारपणा उठतो, डिटेल मरतं, त्यामुळे टीव्हीसाठी शूट करताना साधा नियम असा की लाइट भरपूर टाका, सगळं नीट दिसू द्या, कारण घरातला टीव्ही छोटा आणि खोलीत दिवा चालू. यांनी बरोब्बर उलट केलं. सिरीजचा नायक फ्रान्स बीबरकोफची ती भाड्याची खोली आठवा (ज्यांनी बघितली नाही त्यांनी निदान पहिला भाग बघाच), बाहेरच्या निऑन पाटीचा लाल प्रकाश खिडकीतून आत येतो, जातो, येतो, जातो, आणि त्यात बीबरकोफ झालेल्या ग्युंटर लाम्प्रेश्टचा तो धिप्पाड देह कधी अर्धा दिसतो कधी दिसतच नाही. बाकी सगळं तपकिरी आणि सोनेरी. जुन्या बिअरच्या बाटलीतून बघितल्यासारखं. माणूस तुरुंगातून सुटलाय, सरळ वागायचं ठरवलंय, आणि त्याला पुढचं काही धड दिसत नाहीये, तर मग बघणाऱ्याला तरी का दिसावं, असा तो हिशोब.

ऑक्टोबर ते डिसेंबर १९८० ला एआरडी या जर्मन चॅनलवर दाखवली तेव्हा लोक वैतागले. आमचा टीव्ही बिघडलाय का, काही दिसत नाही, अशा तक्रारी, पेपरांत रान उठवलं गेलं, सरकारी चॅनलचे पैसे अंधारावर उधळले वगैरे. कॅमेरामनच्या नावाने एवढी बोंब क्वचितच होते. आणि गंमत बघा, २००७ ला जेव्हा सिरीज डिजिटल रिस्टोअर होऊन बर्लिन फेस्टिव्हलला परत दाखवली, कलर करेक्शन श्वार्त्सेनबेर्गरच्याच देखरेखीखाली, तेव्हा फासबिंडरच्या काही जुन्या सहकाऱ्यांनी उलटी तक्रार केली की हे आता फारच उजळ केलंय, मूळचा अंधार मारून टाकला. म्हणजे १९८० ला काळं म्हणून शिव्या आणि २००७ ला गोरं म्हणून शिव्या, फ्रेम तीच. मी स्वतः या वादात त्याच्या बाजूने आहे, कारण निगेटिव्हवर नक्की काय होतं ते त्याच्याइतकं कोणाला माहीत असणार, पण विरोधी बाजू अगदीच फालतू आहे असंही नाही, कॅमेरामन म्हातारा झाला की त्याचीही चव बदलते.

फासबिंडरची कामाची पद्धत सगळ्यांना माहीत आहे, भयंकर स्पीड, टेक कमी, शॉट कुठून कुठे तुटणार ते डोक्यात आधीच ठरलेलं, एडिटिंगलाही फ्रान्स वाल्श या टोपणनावाने स्वतः बसायचा. एवढी मोठी सिरीज असून शूटिंग ठरल्यापेक्षा आधी संपलं. अशा माणसाबरोबर कॅमेरामनला विचार करायला वेळ नसतो, पण मागणी स्पष्ट असते: मला हे असं हवंय, दे. आणि श्वार्त्सेनबेर्गरची खरी ताकद माझ्या मते इथेच होती, त्याची स्वतःची अशी एक स्टाइल नव्हती, दर वेळी नवीन काढायचा. दोन-अडीच वर्षांत चार फिल्म्स आणि चारही एकमेकींना ओळख न देणाऱ्या.

'लोला' (१९८१) घ्या. गोष्ट आपल्याकडे कुठल्याही तालुक्याच्या गावात बसेल अशी आहे: १९५७, कोबुर्ग हे गाव, युद्धानंतरची बांधकामांची लाट, नवीन आलेला इमानदार बांधकाम अधिकारी फॉन बोम (आर्मिन म्युलर-श्टाल), गाव खिशात घातलेला बिल्डर शुकर्ट (मारिओ आडोर्फ), आणि त्याच्याच पैशावर चालणाऱ्या वेश्यागृहातली गायिका लोला (बार्बरा सुकोवा). अधिकाऱ्याला माहीत नसतं ती कोण आहे, प्रेमात पडतो, पुढे काय होतं ते बघा. आता लाइट बघा. पन्नासच्या दशकातल्या रंगीत सिनेमाचे ते मिठाईसारखे रंग मुद्दाम आणलेत, गुलाबी, जांभळा, लाल, हिरवा. पण नुसते आणलेले नाहीत. फॉन बोमवर निळा प्रकाश आहे, त्याच्या निळ्या डोळ्यांवर तर खास वेगळा पडलेला, आणि लोलावर गुलाबी-लाल, आणि हे दोघं एकाच फ्रेममध्ये शेजारी बसलेले असले तरी तसंच! एका गाडीत दोन माणसं, एक निळा एक गुलाबी. कुठून येतो तो प्रकाश? कुठूनच नाही. खिडकी, दिवा, चंद्र असलं काही कारण द्यायची तसदी घेतलेली नाही. कॅमेरा शिकणाऱ्या पोरांना पहिल्या वर्षी जे घोकून घेतलं जातं, की प्रकाशाला सोर्स दाखवा, ते सरळ खिडकीबाहेर फेकलंय. आणि तरी खटकत नाही, कारण गोष्टच अशी आहे की दोघं एका गाडीत असून एका जगात नाहीत.

मग लगेच 'वेरोनिका फॉस', म्युनिक, १९५५, मॉर्फिनच्या आहारी गेलेली नाझी काळातली एक नटी, ब्लॅक अँड व्हाइट. इथे भीती अंधाराची नाही, पांढऱ्याची आहे. डॉक्टरीणबाईचं क्लिनिक इतकं पांढरं की माणसं त्यात विरघळतात की काय असं वाटतं. याला फेब्रुवारी १९८२ ला बर्लिनचा गोल्डन बेअर मिळाला. आणि मग 'क्वेरेल', सगळं स्टुडिओत बांधलेलं बंदर आणि कायमचा नारिंगी सूर्यास्त. ही मला कधीच पूर्ण आवडली नाही, पण तो नारिंगी डोक्यातून जात नाही हेही खरं. 'लिली मार्लेन' मोठ्या बजेटची, चकचकीत, तिच्याबद्दल इथे फार काही बोलायचं नाही.

जून १९८२ ला हे सगळं एकदम थांबलं.

त्याच्यासमोर रस्ते काय होते? एक रस्ता बालहाउसचा. तो अमेरिकेला गेला, कॅमेरामनच राहिला, स्कोर्सेसीबरोबर 'आफ्टर अवर्स' पासून 'द डिपार्टेड' पर्यंत कामं केली, तीनदा ऑस्करचं नामांकन. श्वार्त्सेनबेर्गर तिकडे गेला नाही, जर्मन भाषेतच राहिला आणि दिग्दर्शक झाला. याच्यामागे ऑस्ट्रियातली एक साधी परिस्थितीही आहे. तिकडे १९८० च्या शेवटी सिनेमाला सरकारी पैसा द्यायचा कायदा झाला आणि १९८१ पासून तो फंड चालू झाला, त्याआधी ऑस्ट्रियन सिनेमा म्हणजे जवळपास ठणठणाट होता. शिवाय ओआरएफ होतंच, जिथे त्याला सगळे ओळखत होते. म्हणजे जो माणूस नुकताच बर्लिनला गाजून आलाय त्याला घरी पहिली फिल्म करायला बरा मुहूर्त होता.

पहिली फिल्म 'डेर श्टिले ओत्सेआन', गेर्हार्ड रोटच्या कादंबरीवर. आशर नावाचा डॉक्टर, हातून उपचारात चूक झालेली, तोंड लपवून ऑस्ट्रियातल्या दक्षिण श्टायरमार्कच्या एका खेड्यात जाऊन राहतो, आपण डॉक्टर आहोत हे सांगत नाही. त्या भागात रेबीजची साथ, शिकारी लोक कोल्हे मारत फिरतात, आणि हळूहळू कळतं की बंदूक काढणं हे तिथल्या लोकांना सवयीचं आहे. दिग्दर्शन श्वार्त्सेनबेर्गर, कॅमेरा श्वार्त्सेनबेर्गर. आणि बर्लिनचं ते सिल्व्हर बेअर मिळालं ते कुठल्या नावाचं, तर विशेष कलात्मक योगदानाचं. म्हणजे ज्युरीलाही बहुतेक ठरवता आलं नसावं की दिग्दर्शकाला द्यावं की कॅमेरामनला, म्हणून मधलं काहीतरी दिलं. हा आपला माझा टोमणा आहे हां, ज्युरीच्या डोक्यात काय होतं ते ज्युरी जाणे.

आता इथे फरक काय पडतो ते बघा. 'वेरोनिका फॉस' ब्लॅक अँड व्हाइट आणि हीसुद्धा, मध्ये वर्षभराचंच अंतर. पण तिथला पांढरा अंगावर येतो आणि इथला करडा आहे, धुक्यासारखा पसरलेला, चिखल, शेतं, माणसांचे चेहरे सगळं एकाच टोनमध्ये. सुंदर आहे, खूपच सुंदर आहे. फक्त फिल्मभर कोणी त्याला अडवत नाहीये हे जाणवतं. फासबिंडरच्या फिल्ममध्ये सुंदर फ्रेम जमली की तो नेमका त्या वेळी एखाद्या पात्राला काहीतरी घाणेरडं बोलायला लावायचा, किंवा मध्येच कट मारायचा, तुम्हाला फ्रेममध्ये रमूच द्यायचा नाही. इथे फ्रेम आली की थांबते, तुम्ही बघता, तो बघतो. समोर भांडणारा माणूस गेला, आणि त्या भांडणातून जे निघायचं तेही गेलं. कॅमेरामन दिग्दर्शक झाला की लोक विचारतात याला नटांकडून काम काढता येईल का, स्क्रिप्ट कळेल का. ते येतं हो, हळूहळू येतं. पण शॉट लागल्यावर जवळ येऊन 'हे छान दिसतंय पण मला नकोय' असं म्हणणारा माणूस कुठून आणणार?

पुढे 'डोनाउवाल्त्सर' ही १९८४ ची फिल्म, आणि मग १९८५ चा तो 'ओट्टो – डेर फिल्म'.

हा जोक कसा झाला असं लोक विचारतात, पण उत्तर फार गूढ नाही. निर्माता होता होर्स्ट वेंडलांट, रिआल्टो फिल्मवाला, कार्ल माय आणि एडगर वॉलेसच्या हिट फिल्म्स काढलेला पक्का धंदेवाईक माणूस. आणि 'लोला' चा निर्माताही हाच! म्हणजे वेंडलांटने या कॅमेरामनला भर वेगात, पैशाची उधळण न करता, चकचकीत काम करताना स्वतःच्या सेटवर बघितलेलं होतं. ओट्टो हा स्टेजचा आणि टीव्हीचा राजा, पण सिनेमा कधी केलेला नाही, त्याला शेजारी असा कोणीतरी हवा ज्याला लेन्स कळते, शेड्यूल कळतं आणि जो स्टारच्या आड येणार नाही. दिग्दर्शक म्हणून दोघांची नावं आहेत. गोष्ट काय, तर ईस्ट फ्रिजलंडमधला एक भोळा माणूस हॅम्बुर्गला येतो, सावकाराच्या कर्जात अडकतो आणि श्रीमंत घरातल्या मुलीच्या प्रेमात पडतो. बस. बाकी सगळे गॅग्ज. फिल्म पूर्व जर्मनीतही लागली, तिकडचं धरून आकडा १ कोटी ४० लाखांच्या वर जातो.

आणि इथे उलटीच गंमत होते. 'श्टिले ओत्सेआन' मध्ये जो समोरचा माणूस नव्हता तो इथे आहे, ओट्टो स्वतः. त्याला फ्रेम सुंदर हवी की नको याच्याशी घेणंदेणं नाही, त्याला जोक पोचायला हवा. म्हणून कॅमेरा गप उभा राहतो, माणूस पूर्ण दिसेल एवढा लांब, स्वच्छ लाइट, आणि कट जोकच्या मागे एक क्षण थांबून. विनोदी फिल्म शूट करणं लोकांना सोपं वाटतं, पण एवढी नावाजलेली पोतडी हातात असताना ती न उघडणं याला शिस्त लागते. १९८७ ला दुसरा भागही दोघांनी केला, तोही तुफान चालला. तिसऱ्या भागाला, १९८९ ला, दिग्दर्शक म्हणून श्वार्त्सेनबेर्गर नाही.

त्यानंतर मुख्यतः टीव्ही. आणि टीव्ही म्हटलं की आपल्याकडे नाक मुरडतात, पण जर्मन भाषेतल्या टीव्हीची गोष्ट वेगळी आहे, तिकडे ओआरएफ, एआरडी, झेडडीएफ ही चॅनल्स नव्वद मिनिटांच्या स्वतंत्र फिल्म्स काढतात, 'अलेक्झांडरप्लात्झ' पण शेवटी टीव्हीच्याच पैशावर उभी राहिली होती. या फॉरमॅटला श्वार्त्सेनबेर्गर अगदी फिट बसला, कारण दिग्दर्शक आणि कॅमेरामन एकच म्हटल्यावर लोकेशनवर चर्चा नाही, लाइट चालला की लगेच निर्णय, दिवस वाचतात. 'सिंगल बेल्स' (१९९७) ही ख्रिसमसची कॉमेडी, मार्टिना गेडेक त्यात आहे, ऑस्ट्रियात दर नाताळात टीव्हीवर लागतेच आणि लोकांना डायलॉग पाठ आहेत, आपल्याकडे काही विनोदी सिनेमे चॅनलवर कितव्यांदा लागलेत हे कोणी मोजत नाही तसंच. तिचा पुढचा भाग 'ओ पाल्मेनबाउम' २००० ला. 'क्राम्बाम्बुली' (१९९८) ही कुत्र्याची जुनी ऑस्ट्रियन कथा, 'आंद्रेआस होफर' (२००२) हा नेपोलियनच्या काळातला टिरोलचा बंडखोर, दोन्हीत टोबियास मोरेटी. मग 'मार्गारेटे श्टाइफ' (२००५), पोलिओ झालेली आणि खेळण्यातल्या अस्वलांच्या कंपनीची मालकीण झालेली बाई. सगळ्या नीटनेटक्या, बघणेबल, काही ठिकाणी डोंगरावरचा प्रकाश असा पकडलाय की टीव्ही फिल्म आहे हे विसरायला होतं. आणि कुठेही कोणी टीव्ही बिघडला अशी तक्रार करणार नाही. ही शाबासकी समजा किंवा काय समजायचं ते समजा.

आपल्याकडे या केसच्या जवळ जाणारं कोण? एक नाव लगेच येतं, अविनाश अरुण. पुण्याच्या एफटीआयआयचा कॅमेरामन, 'किल्ला' स्वतः दिग्दर्शित केला आणि शूटही स्वतःच केला, आणि २०१४ ला त्याच बर्लिन फेस्टिव्हलच्या लहान मुलांच्या विभागात क्रिस्टल बेअर मिळवला. पण त्यानंतर त्याने दुसऱ्यांसाठी कॅमेरा करणं चालू ठेवलं, 'मसान', 'दृश्यम', म्हणजे कधी या खुर्चीत कधी त्या खुर्चीत. 'सैराट' शूट करणारा सुधाकर रेड्डी यक्कंटी पुढे 'नाळ' चा दिग्दर्शक झाला. आणि अगदी उलट टोकाला म्युनिकचा योझेफ विर्शिंग, जो बॉम्बे टॉकीजसाठी मालाडला आला, 'अछूत कन्या', 'महल' आणि मरेपर्यंत 'पाकीजा' शूट करत राहिला, आणि दिग्दर्शनाच्या वाटेला गेलाच नाही. श्वार्त्सेनबेर्गरने मात्र एकदा खुर्ची बदलल्यावर बहुतेक काम स्वतःच्याच फिल्म्सवर केलं. मला वाटतं तिथे त्याचं थोडं नुकसान झालं. अधूनमधून एखाद्या हट्टी, आगाऊ, तिशीतल्या दिग्दर्शकाकडे नुसता कॅमेरामन म्हणून गेला असता तर अजून एखादा 'लोला' सारखा निळा-गुलाबी प्रकार बघायला मिळाला असता. पण हे मी आरामात बसून बोलतोय, पोटापाण्याचं आणि स्वतःचं नाव पहिलं लागण्याचं गणित ज्याचं त्याला माहीत.

बघायचं असेल तर माझ्या मते क्रम असा: आधी 'लोला', मग 'वेरोनिका फॉस' आणि 'श्टिले ओत्सेआन' लागोपाठ दोन दिवसांत, म्हणजे दोन ब्लॅक अँड व्हाइटमधला फरक डोळ्यात ताजा राहील. 'अलेक्झांडरप्लात्झ' एकदम नको, आठवड्याला एक भाग, खोलीतले दिवे बंद करून. 'ओट्टो' सबटायटल्सवर निम्माच कळतो, बरेच जोक भाषेचे आहेत, त्यामुळे तो एखादा जर्मन येणारा मित्र पकडूनच बघा, तो हसला की तुम्हीही हसाल.